परळ गावाची हकीकत

मुंबई बेटाचा इतिहास सांगणाऱ्यांची एक जुनी वहिवाट अशी की, कथनाला किल्ल्याच्या तटापासून आरंभ करावा, बंदर, गोदी, टाकसाळ आणि कापसाचा बाजार यांची मोजदाद करावी, आणि तटाच्या उत्तरेस पसरलेल्या खेड्यांचा उल्लेख, ती खेडी मोडून त्यांच्या जागी रस्ते व चाळी उभारण्याचा प्रसंग आला म्हणजेच करावा. परळ, शिवडी, वडाळे, माटुंगे, दादर ही नावे आज रेल्वेच्या स्थानकांची म्हणून लोकांच्या तोंडी बसली आहेत. परंतु या प्रत्येक नावामागे एकेकाळी गावठाण होते, भातशेती होती, विहीर होती, ग्रामदेवता होती, आणि तिच्या वार्षिकाचा खर्च वाटून घेणारे गावकरी होते. त्यांपैकी परळ या एका गावाची हकीकत येथे सांगावयाची आहे. मुंबईवर ज्या ज्या सत्तेने अंमल केला तिला या गावाची भूमी हवीशी वाटली; गावकऱ्यांची संमती मात्र कोणी विचारली असे दप्तरात आढळत नाही, आणि तरीही हे गाव गाव म्हणून टिकले. ते कशाच्या बळावर टिकले, हे पाहण्याजोगे आहे.

ज्या सात बेटांची मिळून मुंबई झाली त्यांपैकी परळ हे एक. दक्षिणेस माझगाव आणि पश्चिमेस वरळी ही निराळी बेटे, आणि मधल्या सखल भागात भरतीचे पाणी शिरून ओहोटीला चिखल उरे. पूर्वेकडे शिवडीची खाडी, तिच्या काठाने मिठागरे, आणि शिवडीच्या किनाऱ्यावरून समोर दिसणारी घारापुरी. बेटाच्या उंच भागात ताडामाडांची बने व आमराया, खोलगट भागात पावसाळी भात. कोळी समुद्रावर जात, आगरी मीठ पिकवीत, भंडारी ताडमाडांचा रस काढीत, कुणबी शेत कसत. गावाच्या परिसरात बारादेवी, वाघेश्वरी, चंडिका अशा देवींची ठाणी होती, आणि परळी-वैजनाथाचे एक प्राचीन देवालयही येथे होते अशी परंपरागत समजूत आहे. देवींच्या या ठाण्यांकडे वाचकाने लक्ष ठेवावे, कारण पुढील सर्व स्थित्यंतरांत त्यांची जागा मात्र चळली नाही.

गावाच्या प्राचीनत्वाविषयी केवळ समजुतीवर विसंबण्याचे कारण नाही. परळास सापडलेला शिलाहार राजा अपरादित्य याचा इ. स. ११८७ चा शिलालेख अभ्यासकांना सुपरिचित आहे. साष्टीतील एका बागेच्या उत्पन्नातून वैद्यनाथाच्या पूजेसाठी नेमून दिलेल्या द्रम्मांचा तो लेख असून, दानाचा मजकूर संस्कृतात असला तरी ते दान मोडणाऱ्याला दिलेला शाप तत्कालीन लोकभाषेत, म्हणजे आपल्या मराठीच्या जुन्या रूपात, कोरलेला आहे. मराठीच्या आरंभकालीन लेखांत म्हणूनच त्याची गणना होते. राजाची उदारता पंडितांना कळावी आणि राजाचा धाक शेतकऱ्याला कळावा, अशी ही द्विभाषिक योजना मला मोठी अर्थपूर्ण वाटते. कारण तिच्यावरून हे निश्चित होते की आठशे वर्षांपूर्वी या परिसरात मराठी बोलणारी, जमिनीच्या उत्पन्नावर जगणारी आणि दिलेल्या शब्दाची लाज बाळगणारी रयत नांदत होती. माहीम-साष्टीच्या वसाहतीचा जो वृत्तान्त ‘महिकावतीची बखर’ या नावाने इतिहासाचार्य राजवाड्यांनी १९२४ साली प्रसिद्ध केला, त्यातही या मुलखाचे वर्णन गावे, वृत्ती आणि कुळे यांच्या भाषेतच केलेले आहे.

गुजरातच्या बहादूरशहाने १५३४ च्या तहाने वसई, साष्टी व मुंबई ही बेटे पोर्तुगीजांना देऊन टाकली, आणि त्याबरोबर परळची भूमीही गेली. पोर्तुगीज अमलात या गावातील पुष्कळ जमीन जेझुइट पाद्र्यांच्या हाती आली. त्यांनी येथे मठ व प्रार्थनामंदिर बांधले. पोर्तुगीज राजकन्येच्या विवाहाबरोबर इंग्लंडच्या राजाला मुंबई मिळाली, त्याने ती १६६८ साली दहा पौंडांच्या वार्षिक खंडावर ईस्ट इंडिया कंपनीला दिली, आणि मग नव्या धन्यापुढे जुन्या जमीनधारकांच्या हक्कांचा प्रश्न उभा राहिला. गव्हर्नर जेराल्ड आँजियर याने १६७२ साली रहिवाशांशी करार केला. त्यान्वये दरसाल २०,००० झेराफिन भरण्याच्या कबुलातीवर धारकांच्या जमिनी त्यांच्याकडे कायम राहिल्या. मुंबईच्या महसुली इतिहासात या कराराची प्रशंसा पुष्कळ झाली आहे, आणि ती अस्थानी नाही. तथापि ज्याच्या नावावर जमीनच नव्हती, जो दुसऱ्याचे शेत कसून भाताचा वाटा घेत होता, त्या कुणब्याच्या स्थितीत या कागदाने काय पालट झाला, याचे उत्तर कागदात नाही.

पुढे १६८९ साली जंजिऱ्याचा सिद्दी याकूतखान शिवडीस उतरला, शिवडीचा किल्ला प्रथम त्याच्या हाती पडला, आणि वर्षाहून अधिक काळ बेटाचा बहुतांश भाग त्याच्या फौजेच्या अमलाखाली राहिला. शिवडीहून माझगावाकडे व माहिमाकडे जाणाऱ्या वाटांवर वसलेल्या गावांच्या वाट्याला अशा वेळी काय आले असेल, हे सांगावयास दप्तर नको. सिद्दी परतल्यावर, जेझुइटांनी शत्रूला साहाय्य केले असा आरोप ठेवून कंपनीने त्यांच्या जमिनींवर जप्ती आणली, आणि अठराव्या शतकाच्या पहिल्या चरणात परळचा मठही सरकारजमा झाला.

त्या मठाचाच पुढे गव्हर्नरांचा प्रासाद झाला. १७७१ पासून गव्हर्नर विल्यम हॉर्नबी तेथे राहू लागला, आणि त्यानंतर शंभरांहून अधिक वर्षे मुंबई इलाख्याच्या राज्यकर्त्यांचे वास्तव्य या खेड्यात होते. पाद्री जेथे प्रार्थना करीत त्या वास्तूत मेजवान्या झडू लागल्या. पेशवाईच्या अस्तानंतर महाराष्ट्राची घडी बसविणारा माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याच प्रासादात राहिला, आणि १८७५ साली हिंदुस्थानात आलेल्या युवराजाचा मुक्कामही येथेच पडला. आणखी एक गोष्ट विशेष ध्यानात ठेवण्याजोगी आहे. मुंबईचा न्यायाधीश सर जेम्स मॅकिंटॉश याच्या पुढाकाराने २६ नोव्हेंबर १८०४ रोजी परळच्या या प्रासादात काही विद्याव्यासंगी इंग्रज जमले व त्यांनी एक विद्वत्सभा स्थापन केली. आजची मुंबईची एशियाटिक सोसायटी ती हीच. पौर्वात्य विद्येचा शोध घेण्याचा संकल्प ज्या भूमीवर झाला, त्याच भूमीच्या पोटात हिंदुस्थानच्या शिल्पकलेतील एक अद्वितीय शिळा तेव्हा पडून होती, आणि तिचा पत्ता लागण्यास अद्याप सव्वाशे वर्षे अवकाश होता.

गव्हर्नराच्या सान्निध्याने गावाचे रूप पालटणे क्रमप्राप्त होते. प्रासादाच्या आसपास धनिकांचे बंगले उठले. हॉर्नबीच्या कारकिर्दीत महालक्ष्मी आणि वरळी यांच्यामधले समुद्राचे खिंडार बांध घालून बंद करण्यात आले. ते काम १७८४ च्या सुमारास पुरे झाले, आणि ज्या दलदलीमुळे परळ हे बेट होते ती हळूहळू सुकत गेली. या बांधाचे श्रेय नेहमी शहराच्या विस्ताराला जोडून सांगितले जाते. परळच्या दृष्टीने पाहिले तर त्याचा अर्थ असा की, गावाला जे पाण्याचे कुंपण निसर्गाने घातले होते ते या बांधाने मोडले, आणि किल्ल्यातला माणूस गाडी जोडून सरळ गावात येऊ लागला. १८५३ साली बोरीबंदराहून ठाण्यास आगगाडी गेली ती परळच्या परिसरातून. १८७१ साली मोरारजी गोकुळदास गिरणी उभी राहिली. १८७९ साली रेल्वेच्या इंजिनांचा कारखाना परळास निघाला. ज्या शेतांतून भात निघे तेथे धुराडी उभी राहिली, आणि धुराचा व वस्तीचा त्रास वाढला तसा धनिकांनी मलबार टेकडीचा रस्ता धरला. १८८२ साली गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन, ज्यांचे नाव पुण्याच्या महाविद्यालयास आहे ते, यांच्या पत्नी पटकीने मृत्यू पावल्या. त्यानंतर गव्हर्नरांनीही मलबार पॉइंटचे निवासस्थान कायमचे पत्करले.

रिकाम्या प्रासादाला लौकरच दुसरे काम मिळाले. सप्टेंबर १८९६ मध्ये डॉ. अकासियो व्हिएगस यांनी मांडवीत ग्रंथिक सन्निपाताचा, म्हणजे प्लेगचा, पहिला रोगी ओळखला, आणि काही महिन्यांतच अर्धी मुंबई गावोगाव पांगली. परळच्या वाड्यात रोग्यांसाठी इस्पितळ उघडण्यात आले, आणि १८९९ साली डॉ. वाल्डेमार हाफकिन यांची लसीची प्रयोगशाळा तेथे आली. १९२५ साली तिला त्यांचेच नाव देण्यात आले. देवालयाची परंपरा सांगितली जाणाऱ्या स्थळी मठ, मठाचा प्रासाद, प्रासादाचे इस्पितळ आणि इस्पितळाची प्रयोगशाळा, अशी एका वास्तुस्थलाची ही परिणती आहे. पुढे १९२६ साली के. ई. एम. रुग्णालय उघडले, तेही सेठ गोवर्धनदास सुंदरदास यांच्या विश्वस्तांनी घातलेल्या, सर्व अध्यापक-वैद्य हिंदीच असावेत, या स्वाभिमानी अटीसह. वाडिया यांची स्त्रियांची व मुलांची रुग्णालये आणि १९४१ चे टाटा कर्करोग रुग्णालय ही त्यानंतरची.

प्लेगने गावावर दुसराही एक परिणाम केला, आणि तो अधिक खोल होता. १८९८ साली शहरसुधारणेसाठी इंप्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. दादर, माटुंगे, शिवडी, वडाळे येथील शेते, वाड्या व आमराया यांवर संपादनाच्या नोटिसा लागल्या, मोजणीदार साखळ्या घेऊन बांधावरून फिरले, आणि ज्या जमिनीची ओळख ‘चिंचेखालची’, ‘देवीमागची’ अशी होती तिला भूखंडाचा क्रमांक मिळाला. नव्या वसाहतींना हवा, उजेड आणि रुंद रस्ते मिळाले, आणि दाटीत गुदमरलेल्या शहराला त्यांची नितान्त गरज होती, हे नाकारता येणार नाही. परंतु ज्याची उपजीविका त्या शेतावर होती त्याच्या हाती भरपाईची रोकड पडली, किंवा तीही न पडता तो नुसता बेदखल झाला. या कुटुंबांतील कित्येक पुरुष पुढे गिरण्यांत आणि रेल्वेच्या कारखान्यांत चाकरीस लागले असावेत. त्यांची वेगळी मोजदाद कोणी ठेवली नाही.

आता गावात नवी माणसे आली. १९११ च्या खानेसुमारीत मुंबईची लोकसंख्या ९,७९,४४५ भरली आणि तिच्यातील दर पाच जणांपैकी चार शहराबाहेर जन्मलेले होते. परळ-लालबागच्या गिरण्यांत जे आले त्यांत रत्नागिरी आणि सातारा या जिल्ह्यांतील लोकांचा भरणा फार मोठा. यांना केवळ ‘मजूर’ या एका शब्दाने उल्लेखणारे अहवाल तेव्हाही निघत होते. त्यांत हे लोक कसे राहत याचे वर्णन दाटी, अंधार आणि दुर्गंधी या तीन शब्दांत आटोपते. दाटी होती, अंधारही होता. पण त्या दाटीला एक रचना होती, आणि ती रचना गावाची होती, ही गोष्ट त्या अहवालांच्या लेखकांना क्वचितच उमगली.

एका गावचे पंधरा-वीस पुरुष मिळून चाळीतली एक खोली भाड्याने घेत. तिला ‘गावकऱ्यांची खोली’ म्हणत. प्रत्येकाची एक पेटी, एक वळकटी आणि भिंतीवरची एक खुंटी, एवढीच तेथील स्थावरजंगम मिळकत. दिवसपाळीचे लोक कामावर गेले की रातपाळीचे येऊन त्याच जागेत अंग टाकीत. जेवण एखाद्या खाणावळवाल्या बाईकडे; तीही बहुधा गावची किंवा पंचक्रोशीतली, बहुधा विधवा वा पतीच्या तुटपुंज्या मिळकतीला हातभार लावणारी, आणि पगाराच्या दिवसापर्यंत उधारीवर जेवू घालणारी. गिरणगावाचा अर्थव्यवहार या बाईच्या चुलीवर किती अवलंबून होता, याचे यथार्थ मूल्यमापन इतिहासकारांनी केलेले नाही, असे मला स्पष्टपणे म्हणावेसे वाटते. गावाहून नवा पोरगा आला की त्याला पहिला आसरा या खोलीत, पहिले जेवण या खाणावळीत, आणि मग गावच्याच एखाद्या वडीलधाऱ्याच्या ओळखीने कामगारांची भरती करणाऱ्या जॉबरपुढे उभे राहून त्रासनखात्यात किंवा साचेखात्यात बदलीचे काम. काम न मिळाल्यास दुसऱ्या दिवशी भोंग्यापूर्वी पुन्हा गिरणीच्या दारात.

या खोलीत गावची पंचायत भरे. खोलीचे भाडे कोणी थकविले, कोण दारू पिऊन आला, कोणाच्या बायकोला महिनोन् महिने मनिऑर्डर गेली नाही, याची चौकशी होऊन दंड ठरे. वर्गणी गोळा होई आणि तिच्यातून गावच्या देवळावर कौले चढत, शाळेची भिंत उभी राही, मयताच्या घरी मदत पोचे. शिमग्याला आणि गणपतीला चाकरमानी गावी जात. ज्यांना रजा मिळत नसे ते परळ-लालबागच्या पटांगणांत आपल्या गावचे नमन, जाखडी किंवा दशावतार उभे करीत. १९२८ साली सुमारे दीड लाख कामगारांचा संप सहा महिने चालला तेव्हा अनेकांनी गावची वाट धरली आणि घरच्या भाकरीवर दिवस काढले. पुढाऱ्यांची भाषणे व संघटनेची शिस्त यांचे महत्त्व मी कमी लेखीत नाही. पण पाठीमागे गाव आणि गावकी नसती तर इतका दीर्घ संप तगणे दुष्कर होते, असे माझे मत आहे. पुढे १८ जानेवारी १९८२ पासून सुरू झालेल्या संपानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या, आणि गिरण्यांच्या जमिनींवर गगनचुंबी इमारती आल्या. तेव्हाही उद्ध्वस्त कुटुंबांना प्रथम आधार मिळाला तो अशाच नात्यांचा.

जुन्या परळकरांची शेते गेली होती, नव्या परळकरांची शेते दूर कोकणात व घाटावर होती; अशा या दोन समाजांना एकत्र बांधणारे परळात काय होते, असा प्रश्न विचारला तर देवीचे ठाणे हेच उत्तर द्यावे लागते. ज्याने आपली ग्रामदेवता गावी ठेवली होती त्याला राहत्या जागेच्या देवीपुढे नारळ ठेवल्यावाचून चैन पडत नसे. ‘जागेवाल्या’ देवतेचा मान राखण्याची ही बुद्धी कोकणी माणसाच्या हाडामांसात आहे, आणि तिच्या योगाने बारादेवी ही मूळ गावकऱ्यांइतकीच गिरणी कामगारांचीही झाली.

अशा काळात, १९३१ साली, परळहून शिवडीकडे जाणाऱ्या रस्त्याचे खोदकाम चालू असता मजुरांना ती शिळा लागली. सुमारे साडेतीन मीटर उंचीचा एकसंध पाषाण. मध्यभागी उभी शिवमूर्ती, तिच्यातूनच वर उद्भवलेली दुसरी, त्या दुसरीतून तिसरी, आणि दोहो बाजूंना तिरप्या झेपेने बाहेर निघणाऱ्या आणखी चार, अशा एकूण सात आकृती. पायथ्याशी शिवगण, त्यांतील काहींच्या हातांत वाद्ये. घडण काही ठिकाणी अपुरी राहिली आहे. अभ्यासकांनी तिचा काळ इसवी सनाच्या पाचव्या-सहाव्या शतकाच्या सुमारास ठरविला आणि समोरच्या घारापुरीच्या लेण्यांशी तिचे नाते जोडले. एका देहातून दुसरा देह असा वर वर चढत जाणारा शिवाचा हा आविष्कार हिंदुस्थानच्या शिल्पात दुसरीकडे आढळत नाही. ती कोणी कोरविली, कोणत्या देवालयासाठी कोरविली, आणि अर्धवट का सोडली, याविषयी पंडितांचे तर्क आहेत. परळच्या लोकांनी मात्र तर्काची वाट पाहिली नाही. शिळा बारादेवीच्या देवळाच्या आवारात आली आणि तिची पूजा सुरू झाली.

येथे एक वाद संभवतो, आणि त्यात माझी बाजू निःसंदिग्ध आहे. अशी अमोल वस्तू वस्तुसंग्रहालयात असावी, जगातील अभ्यासकांना ती सुलभ व्हावी, शेंदूर, तेल आणि दूध यांपासून तिचे रक्षण व्हावे, असे म्हणणाऱ्यांचा हेतू शुद्ध आहे. परंतु ज्या गावाची शेते, वाड्या आणि आमराया एकेक करून सार्वजनिक हिताच्या नावाने संपादिल्या गेल्या, त्याच्याच भूमीतून निघालेला देवही सार्वजनिक हितार्थ फोर्टात हलवावा, हा न्याय मला पटत नाही. पूजेने पाषाण झिजतो हे खरे. पण पूजेवाचून तो त्या गावात राहिला नसता, हेही तितकेच खरे. विद्वानांसाठी शिळेची प्रतिकृती करून ती प्रिन्स ऑफ वेल्स वस्तुसंग्रहालयात ठेवण्यात आली, आणि मूळ शिळा परळकरांकडे राहिली. तडजोडीचा याहून समंजस मार्ग दुसरा नव्हता. पुढे केंद्रीय पुरातत्त्व खात्याने संरक्षित स्मारकांच्या यादीत तिचा समावेश केला, तोही ती बारादेवीच्या आवारात असतानाच, आणि त्यानंतरही तिला तेथून हलविण्यात आले नाही.